दिराचा नवा दात

दातांना इतकं जपणारा माणूस माझ्या धाकट्या दिराशिवाय दुसरा झाला नसेल. आम्ही भंडाऱ्याजवळच्या शहापूरची धान पिकवणारी माणसं. दात खायला असतात, एवढंच आम्हाला ठाऊक. याचं पोटच दातांवर. फौजेच्या बँडात तो बासून शिकला आणि पुढे मुंबईच्या एका वाद्यवृंदात नोकरीला लागला. बासून म्हणजे माणसाच्या छातीपर्यंत येणारी लाकडी नळी. सनईसारखी पत्ती ओठांत धरून फुंकली की खोल, घोगरा आवाज निघतो. त्या ओठांना मागून दातांचा आधार लागतो. म्हणून सुट्टीत आला तरी हा ऊस सोलत नाही, फुटाणे खात नाही, लग्नातली जिलबीसुद्धा चहात बुडवून खातो. जेवताना मधेच घास धरून बोटांवर ताल मोजत बसतो. "वाजवाचं कमी, वैनी. आपली पाळी येईपर्यंत थांबाचंच जास्त."

"अन् थांबाचा पगार भेटते, भाऊजी?"

"थांबाचाच भेटते!"

यंदा तो सुट्टीत आला तो किडलेला पुढचा दात घेऊनच. भंडाऱ्याच्या डॉक्टरने तो काढून नवा बसवला, पण त्यावर ओठ बसेना. महिन्याभराने मुंबईत वाद्यवृंदाची परीक्षा होती. सूर लागला नाही तर खुर्ची दुसऱ्याला. रजा वाढवून तो इथेच राहिला आणि रोज सकाळी अंगणात वाजवू लागला. शेजारी कुंपणापलीकडून "वा, मस्त!" म्हणत. तो त्यांना हात जोडी आणि माझ्याकडे वळे.

"वैनी, तुमी सांगा. कसं वाजून राहिलं?"

"म्हैस अडल्यावानी."

"बस, हेच आयकाचं होतं," म्हणून तो पुन्हा फुंकायला बसे. आमचे मालक माझ्यावर चिडत. "काहून त्याचं मन मोडतं वं?" पण परीक्षा काय शेजारी घेणार होते?

एका सकाळी मी तांदूळ पाखडत होते. आवाज निघाला तो सरळ, भरलेला. माझ्या हातातलं सूप थांबलं.

"आता बरोबर हाय," मी म्हटलं. त्याने अजून विचारलंही नव्हतं.

त्याने पत्ती पुसली, वाद्य पेटीत ठेवलं आणि संध्याकाळच्या गाडीने गेला. परीक्षेत पास झाल्याचा, खुर्ची राहिल्याचा फोन आला. चांगलं झालं. तेव्हा 'अजून नाही जमलं' म्हटलं असतं तर आणखी चार दिवस राहिला असता. पण ते मला नंतर सुचलं, अंगण झाडताना.