तूलाने कापलेलं भाषण

तूला मूळची फिनलंडची. तिथे सिनेमाची एडिटर झाली आणि ऑस्ट्रेलियन नवऱ्यामागे सिडनीला आली. नवरा टिकला नाही, काम टिकलं. मगरी, मेंढ्या, वणवे, अशा असंख्य माहितीपटांचं एडिटिंग करून ती निवृत्त झाली आणि सिडनीच्याच क्वेकर्स हिल उपनगरात अंजू-शैलेंद्र या मराठी जोडप्याची शेजारीण झाली. बोलणं अगदी मोजकं. अंजूने पोहे दिले तेव्हा नुसतं "गुड" म्हणाली; पण डबा परत आला तो दालचिनीचे बन भरून.

यंदा तिथल्या मराठी मंडळाच्या गणपतीचं शूटिंग शैलेंद्रने हौसेने केलं. त्याची छोटी फिल्म करायची होती. पण कोणी रुसायला नको म्हणून तो सगळ्यांनाच ठेवत गेला आणि फिल्म लांबतच गेली. शेवटी अंजूने हार्ड डिस्क उचलून तूलाकडे नेली.

तूलाला मराठी ओ की ठो कळत नव्हतं. अंजू शेजारी बसून सांगायची, हे मंडळाचे अध्यक्ष भास्करराव, यांचं भाषण महत्त्वाचं. तूलाने ते अख्खं पाहिलं आणि विचारलं, "ऐकतंय कोण?"

अंजूने नीट पाहिलं. श्रोत्यांतले दोघं पेंगत होते. भास्कररावांच्या पत्नी पद्माताई मोबाइलमध्ये होत्या.

मंडळाच्या हॉलमध्ये फिल्म दाखवली, तर भास्करराव पडद्यावर घसा खाकरून "दोनच शब्द बोलतो" म्हणाले आणि लगेच टाळ्या. हॉलभर हशा पिकला. भास्करराव तावातावाने आले, हे कोणी केलं म्हणून. तूला शांतपणे म्हणाली, "बोलायच्या आधी तुम्ही फार छान दिसता."

हे कौतुक की अपमान, ते त्यांना ठरवता येईना. पद्माताई मात्र डोळे पुसत हसत होत्या. दुसऱ्याच दिवशी त्यांनी आपल्या लग्नाची जुनी व्हिडिओ कॅसेट तूलाच्या गळ्यात मारली.

तेव्हापासून तूलाकडे मुंजी, बारशी, डोहाळजेवणं यांची रांग लागली आहे. काम चालू असताना ज्यांचं कार्य त्या घरच्यांनी खोलीत यायचं नाही, एवढीच तिची अट.

पद्माताईंच्या कॅसेटमधले आहेर, मानपान, फोटोसाठी उभे राहिलेले काका-मामा सगळे गेले. राहिला तो जेवणाच्या पंगतीतला एक प्रसंग. तरुण भास्करराव बायकोला जिलबी भरवताहेत, पाक तिच्या शालूवर सांडतो आणि ते घाबरून स्वतःच्या उपरण्याने पुसत राहतात. तूलाने त्यातली एकही फ्रेम कापली नव्हती.

भास्कररावांनी ते न बोलता पाहिलं. मग तूलाला हळूच विचारलं, एवढाच भाग फोनवर मिळेल का.