तीन दिवस नसलेल्या काकीचा शोधनिबंध

काळातल्या विसंगतींचा अभ्यास करणारं एक त्रैमासिक मालवणातून निघतं, यावर कोणी विश्वास ठेवत नाही. मी तिथे दोन वर्षं मुद्रितं तपासली. काजूच्या कारखान्याच्या माडीवर कचेरी. संपादक म्हणजे भौतिकशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक, आमचे सर. मार्चचा अंक गणपतीत निघायचा. सर म्हणत, हाच आपला पहिला पुरावा. उशिरा सुटलेली एसटी वेळेवर पोचते कशी, यावर आम्ही एकवीस पानं छापली. ड्रायव्हर गाडी दामटतो, हे त्यात कुठेच नव्हतं.

मी वाढलो बाबांच्या छापखान्यात, आंदोलनांच्या पत्रकांवर. बाबा एका पानात मागणी, कारण आणि सभेची वेळ बसवत. एकवीस पानं मला आधीपासूनच सोसत नव्हती.

आमच्या गावात गावपळण होते. काही वर्षांनी देवाचा कौल झाला की अख्खा गाव गुरं, कोंबड्या, कुत्री घेऊन शिवेबाहेर जातो आणि तीन दिवस, तीन रात्री झावळ्यांच्या खोपींत राहतो. मागच्या खेपेला नेमके त्याच दिवसांत तालुक्याहून एक साहेब आले. एकट्या माणसांची रेशनकार्डं तपासायला. गावात तशी माझी काकीच, मासे विकणारी. साहेबांनी कुलूप पाहिलं आणि शेरा लिहिला : ‘घर बंद. येथे कोणी राहत नाही.’ पुढच्या महिन्यात तिचा तांदूळ बंद झाला.

आम्ही तालुक्याच्या कचेरीत गेलो. कारकून म्हणाला, “गाव शिवेबाहेर होतं याचा लेखी पुरावा आणा.”

“देवान कौल दिलो, तो काय लिवन देता?” काकी म्हणाली.

“छापील काहीही चालेल, आजी.”

छापील म्हटल्यावर मला त्रैमासिक आठवलं. मी सरांना म्हटलं, गावपळणीच्या तारखा देऊन चार ओळी छापा. सरांचे डोळे चमकले. “चार ओळी? अरे, एक गाव तीन दिवस अस्तित्वात नव्हतं आणि सरकारनं त्याची नोंद घेतलीय! हा शेरा म्हणजे सोनं आहे.”

“सर, तो शेरा खोटा आहे.”

“तो खोडून काढू नकोस. निबंध लिही.”

मी लिहिला. याची लाज मला अजून वाटते. निबंध दोन परीक्षकांकडे गेला. एकाने विचारलं, शेजारचं गाव त्याच दिवशी जागेवर होतं का? दुसऱ्याने लिहिलं, एक काकी पुरेशी नाही. किमान तीस काक्या हव्यात. चार महिने गेले. काकी शेजारणीकडून तांदूळ मागून आणत होती.

“काय रे मेल्या, तुज्या त्या पुस्तकात मी आसंय की नाय, ह्या अजून ठरला नाय?” तिने भर बाजारात विचारलं. बाकीच्या मासेवाल्या हसल्या. मला हसू आलं नाही.

त्याच दुपारी मी बाबांच्या जुन्या छापखान्यात जाऊन एकपानी पत्रक छापलं. ‘आम्ही शिवेबाहेर होतो. माणसं घरी नसताना लिहिलेला शेरा रद्द करा.’ खाली गावपळणीच्या तारखा, गावकऱ्यांची नावं, छापखान्याचा पत्ता. सोमवारी त्यातली सगळी माणसं कचेरीत उभी राहिली. कारकुनाने माणसांकडे पाहिलंच नाही. पत्रक उलटसुलट केलं, छापखान्याचा पत्ता वाचला आणि म्हणाला, “छापील आहे. चालेल.”

तेच साहेब पुन्हा तपासणीला आले. त्या आठवड्यात काकी बाजारालाही गेली नव्हती; सकाळपासून दारात बसून असायची. साहेबांनी विचारलं, “तुम्ही इथेच राहता?”

“रवतंय. पण परत कौल झालो की जातलंय,” काकी म्हणाली. “तेवा मातर येव नको हां.”

साहेबांनी फक्त पहिला शब्द लिहून घेतला. तांदूळ सुरू झाला. निबंध अजून परीक्षकांकडे आहे.