ट्रॉलीवरचं राज्य

पडदा वर जातो. ढोकीच्या जत्रेत उसाच्या दोन ट्रॉल्या एकमेकींना चिकटवून रंगमंच केलाय. एकीवर राजाचं सिंहासन, दुसरीवर राणीचा महाल आणि मागं कापडावर रंगवलेला राजवाडा. ऊन कलतंय. कनातीच्या भोकाला डोळा लावून, घाम पुसत उभे आहेत दिग्दर्शक शरणप्पा मास्तर.

मास्तर मूळचे जळकोटचे. उभी हयात त्यांनी जुनी संगीत नाटकं बसवली, आणि अंकांच्या मधे स्वतःच हुजऱ्या होऊन बतावणी केली. खोड एकच. लोक हसले की त्यांना थांबता येत नसे. एकदा वाशीत बतावणी इतकी लांबली, की नाटकातला राजा मुकुटासकट झोपी गेला.

आज मात्र थट्टा नव्हती. जत्रा कमिटीचे दगडोबा अण्णा बजावून गेले होते, "मास्तर, आज लोक उठले तर पुढच्या साली ऑर्केस्ट्रा. मग माझ्याकडं यायचं न्हाय."

लोक उठू नयेत म्हणून मास्तरांनी बतावणी ताणली. सासूची नक्कल झाली, जावयाची झाली, लोकांनी मागितली म्हणून पुन्हा सासूची झाली. तिकडं ट्रॉलीवाल्या रणधीरला ट्रॉल्या परत द्यायची वेळ टळून गेली. त्याचा तोडलेला ऊस फडात वाळत होता. पडद्यामागं तो ट्रॅक्टर घेऊन ताटकळला होता. शेवटी बतावणी संपली, हसू थांबलं, तसं त्याला वाटलं, खेळच संपला. त्यानं राजाची ट्रॉली जोडली.

वर राजा झालेला बलभीम छाती काढून गर्जत होता, "प्राण गेला तरी हे सिंहासन जागचं हलणार नाही!"

सिंहासन हललं.

राजवाडा मधोमध टरकन फाटला. अर्धा राजाबरोबर निघाला, अर्धा राणीपाशी लोंबत राहिला. पुढचे लोक उठू लागले. पण मास्तरांच्या डोक्यावर हुजऱ्याचा फेटा अजून होताच. त्यांनी राणीच्या महालात उडी घेतली. "राणीसरकार, महाराज फडावर निघाले! डबा द्यायचा राहिला की!"

राणीनं पदर खोचला. "अवो थांबा! भाकरी तरी बांधू द्या!"

उठलेले लोक पोट धरून खाली बसले. बलभीमही कमी नव्हता. ट्रॉलीचा दांडा धरून त्यानं विरहाचं पद सुरू केलं, आणि प्रत्येक खड्ड्याला आपोआप तान निघू लागली. ती ऐकून रणधीरनं मागं बघितलं. ओशाळून तो वळसा घालून राजाला परत घेऊन आला, तर टाळ्याच टाळ्या.

नाटक संपल्यावर दगडोबा अण्णा डोळे पुसत आले. "ऑर्केस्ट्रा मरू द्या, मास्तर. पुढच्या साली हेच नाटक. पण राजा असाच पळाला पाहिजे बरं का!"

मास्तरांचा जीव भांड्यात पडला. मग मान खाली घालून उभ्या असलेल्या रणधीरकडं वळून, तालमीतल्या करड्या आवाजात ते म्हणाले, "तुझी एन्ट्री लई लवकर झाली. पुढच्या साली राणीचं पद झाल्यावर यायचं."