खिसे रिकामे

बारा वर्षं डोंगरांत आणि बर्फात घासल्यावर सत्तरच्या दशकात माझी पोस्टिंग कामठीला झाली. मी मूळचा नागपूरच्या महाल भागातला. घराच्या इतक्या जवळची पोस्टिंग फौजी माणसाला उभ्या जन्मात एकदा मिळते, तीही नशीब असेल तर. ऑर्डर हातात ठेवताना सुभेदार साहेब म्हणाले, आता तू बिघडणार. मी बिघडलोच. कामठीत फॅमिली क्वार्टर मिळालं, महालातल्या घरून बायकोला, सुमनला घेऊन आलो आणि महिन्याभरात लंगरच्या डाळीला नावं ठेवायला लागलो.

मी सेक्शन कमांडर आणि माझा टू-आय-सी, म्हणजे माझ्या खालोखालचा, नाईक शालिक रामटेके. गाव कन्हान. बापाची नदीच्या रेतीत टरबुजाची वाडी. शालिक टरबुजावर टिचकी मारून आत लाल आहे की पांढरं ते सांगायचा आणि त्याचं कधी चुकलं नाही. नवे रिक्रूट आले की त्यांच्या हेल्मेटवर तशीच टिचकी मारायचा आणि मान हलवून म्हणायचा, "कच्चं हाय अजून." पोट्टे चिडायचे. आठ दिवसांत तेच पोट्टे त्याच्यामागे फिरायचे. लग्न झालं नव्हतं, म्हणून रविवारी आमच्याकडे जेवायला असायचा. सुमनच्या हातचं वांग्याचं भरीत खाऊन तिला म्हणायचा, वहिनी, माझ्यासाठी पोरगी पाहा, पण तिचं भरीत आधी पाहा.

आता कांद्याचं सांगतो. नागपूरचा मे महिना ज्यानं काढला त्याला हे सांगायला नको. बाकीच्यांसाठी लिहितो. उन्हात निघताना आमच्याकडे खिशात एक कांदा ठेवतात. ऊन बाधत नाही. डॉक्टर हसतात. हसू द्या बापा. सुमन रोज सकाळी दारात दोन कांदे माझ्या हातावर ठेवायची. एक माझा, एक शालिकचा. सुभेदार साहेब वर्ध्याचे, तेही परेडवर आमच्या खिशांचा फुगवटा पाहून पुढे जायचे. कारण त्यांच्या खिशातही तोच असायचा.

त्या दिवशीही दोन कांदे घेतले. एक शालिकला दिला. सकाळी अकरा वाजून वीस मिनिटांनी अलार्म झाला. एका परदेशी विमानाचा ताबा चार जणांनी घेतला होता आणि इंधनासाठी ते विमान नागपूरला उतरलं होतं. कंपनी पाऊण वाजता सोनेगावच्या विमानतळावर पोचली. विमान कोणत्या देशाचं, ते चार जण कुठले, हे मी आजही लिहीत नाही. तेव्हा आम्हाला बोलायची मनाई होती आणि ती उठल्याचं मला कुणी सांगितलेलं नाही. एवढं सांगतो, त्यांचे साथीदार तिसऱ्याच एका देशाच्या तुरुंगात होते. त्यांना सोडा, नाहीतर प्रवासी मारू, अशी मागणी. भांडण त्यांचं आणि ऊन आमचं.

एका टोकाला टॉवर, मध्ये काँक्रीट, दुसऱ्या टोकाला विमान. आम्ही पाण्याच्या टाकीच्या आडोशाने कॉर्डन लावलं, म्हणजे वेढा घातला. विमानाचं इंजिन बंद, आत पंखा नाही. पारा पंचेचाळीसच्या वर होता. दुर्बिणीतून बघितलं तर एका खिडकीच्या काचेला आतून लहान मुलाचा तळहात टेकलेला. मी बघत होतो तेवढा वेळ तो हात हलला नाही. टॉवरमधून मोठे अधिकारी दिल्लीशी फोनवर बोलत होते, दिल्ली आणखी कुणाशी तरी बोलत होती. आम्हाला हुकूम एकच, थांबा.

अडीच वाजता आतून निरोप आला. पाणी पाहिजे. एकच माणूस यावा, बिनहत्यारी, अंगावर काही नको, खिसे रिकामे. चुकीचं काही दिसलं तर गोळी.

आमचे कंपनी कमांडर कॅप्टन जॉर्ज, केरळचे. कामठीत येऊन आठ दिवस झाले होते. ते म्हणाले, विमानतळाच्या कामगाराला मी मरायला पाठवणार नाही. जाणारा माणूस आपला असेल, तो पाणी देईल आणि आत किती जण कुठे उभे आहेत ते बघून येईल. कोण जाईल, असं त्यांनी विचारलं तेव्हा शालिक उभाच होता. म्हणाला, "साब, पानी का काम मेरा. लहानपणापासून वाडीले पाणी घालून राहिलो." अर्धं त्यांना समजलं. त्यांनी मान हलवली.

विमानात सामान चढवणाऱ्या एका लोडरचे निळे कपडे मागवले. टाकीच्या मागे शालिकने युनिफॉर्म उतरवला. त्याला तपासायचं काम माझं. मी एकेक वस्तू हातात घेतली. पे-बुक. गळ्यातली ओळखीची चकती. बिड्यांचं बंडल, काड्यापेटी, कंगवा. घड्याळसुद्धा काढलं. मग त्याने युनिफॉर्मच्या खिशातून कांदा काढला आणि निळ्या पँटच्या उजव्या खिशात टाकला.

माझ्या डोळ्यांसमोर टाकला. मी बघितलं. आम्हा दोघांपैकी कुणालाही तो वस्तू वाटला नाही. अंगावर कातडी असते तसा मेमध्ये खिशात कांदा असतो. एवढ्या उन्हात दीडशे पावलं चालायचं तर तो हवाच, इतकंच माझ्या डोक्यात होतं. डोक्यावर दुपट्टा नीट बांध, असं वर मीच सांगितलं.

कॅप्टन साहेब तोवर कॉर्डनच्या दुसऱ्या टोकाला गेले होते; वायरलेस सेटवर त्यांचा आवाज आला. "अल्फा टू, मॅन चेक्ड? पॉकेट्स? ओव्हर."

मी म्हटलं, "अल्फा वन, चेक किया सर. पॉकेट क्लिअर. ओव्हर."

हे शब्द माझे. मी ते कुणावर ढकलत नाही.

तीन वाजून दहा मिनिटांनी शालिक निघाला. दोन हातांत बर्फाच्या पाण्याचे दोन डबे. चाल अगदी लोडरची, खांदे पाडून, पाय ओढत. मला हसू आलं. परेडवर अशी चाल चालला असता तर मी त्याला ग्राउंडचे पाच चक्कर लावले असते. शिडीच्या पायथ्याशी त्याने डबे ठेवले आणि हात वर केले. वरून एक जण खाली उतरला. विशीतला असावा, दाढी नीट फुटलेली नाही. एका हातात पिस्तूल. दुसऱ्या हाताने तो शालिकला चाचपायला लागला. बगल, कंबर, डावा खिसा, उजवा खिसा.

उजव्या खिशावर हात थांबला. तो ओरडून मागे उडाला.

त्या क्षणी मला कळलं, कांदा त्याच्या हाताला ग्रेनेडसारखा लागला.

शालिकने काय केलं ते ऐका. घाबरलेल्या माणसाला समजवावं म्हणून तो हसला आणि कांदा दाखवायला खिशात हात घातला. आमच्याकडचा कुणीही माणूस हेच करेल. दोन गोळ्या झाल्या. शालिक बसला, मग आडवा झाला. कांदा काँक्रीटवर घरंगळत गेला. इकडे कॅप्टन साहेबांचा हात वर गेला. "स्टँड बाय टु फायर." एलएमजीवाल्याचा गाल मशीनगनच्या बटाला टेकला. तो हात खाली आला असता तर आतल्या तिघांनी गोळ्या चालवल्या असत्या आणि त्या खिडकीतला तळहातही वाचला नसता.

तेवढ्यात शालिक ओरडला. पोटात दोन गोळ्या असलेला माणूस इतक्या मोठ्याने ओरडू शकतो हे मला तोवर माहीत नव्हतं.

"भाऊ, कांदा होय गा! साहेबाले सांग, फायर नको!"

मी सेट दाबला. "सर, ग्रेनेड नहीं. प्याज है. फायर मत करना. ओव्हर."

"से अगेन. प्याज?"

"प्याज, सर. खाने का."

हात तसाच वर राहिला. मग हळूच खाली आला आणि बेल्टवर टेकला. फायर झालं नाही.

तिकडे त्या पोराने कांदा उचलला. उलटसुलट करून पाहिला. नाकाजवळ नेला. मग शिडीच्या पायरीवर बसून राहिला. वर दारात त्याच्याच माणसांची आपसांत जोरजोरात भांडाभांडी सुरू झाली. काय बोलले ते मला कळलं नाही. पण पावणेचारला टॉवरकडे निरोप आला, तुमचा माणूस घेऊन जा. चार वाजता बायका, मुलं आणि म्हातारे शिडीवरून उतरले. एका बाईच्या कडेवरचं मूल आमच्या जवानाच्या हातातला पाण्याचा मग सोडायला तयार नव्हतं, असं मला नंतर जवानांनी सांगितलं. बाकीच्यांना घेऊन विमान सहा वाजता उडालं. काही दिवसांनी ते सगळे दुसऱ्या देशात सुखरूप सुटले. आम्ही ते पेपरात वाचलं.

शालिकसोबत ॲम्ब्युलन्समध्ये मी होतो. कामठीच्या लष्करी हॉस्पिटलपर्यंत तो शुद्धीवर होता. आधी रिपोर्ट दिला. दारात एक, मागच्या खिडक्यांत दोन, खाली आलेला चौथा. रिपोर्ट पूर्ण झाल्यावर त्याने माझी बाही धरली.

"भाऊ, वहिनीले कांद्याचं सांगू नको."

मी म्हटलं, तू गप राहा. तो म्हणाला, "नाही, कबूल कर. तिनं देला होता ना." मी कबूल केलं. साडेपाचला तो गेला.

कोर्ट ऑफ इन्क्वायरीत मी सगळं खरं सांगितलं. तीन अधिकाऱ्यांना उभ्याने समजावून सांगावं लागलं की कांदा खिशात कशासाठी ठेवतात. एकाने लिहून घेतलं, स्थानिक प्रथा. मला सिव्हिअर रेप्रिमांड, म्हणजे कडक ठपका मिळाला. तो कमीच होता. मला अजूनही राग येतो तो त्या शिडीवरच्या पोराचा नाही, माझा स्वतःचा येतो.

पण ही नंतरची गोष्ट. त्या संध्याकाळी मी क्वार्टरवर आलो तेव्हा बातमी माझ्याआधी पोचली होती. सुमन दारातच बसली होती. रडून डोळे सुजले होते. पाणी दिलं आणि तिने एकच विचारलं.

"भाऊजीजवळ कांदा होता ना हो?"

मी म्हटलं, "होता वं."

ती म्हणाली, "बरं झालं. उनाचा तरी तरास झाला नसन त्याले."

मी हातपाय धुवायला उठलो आणि नळ बराच वेळ चालू ठेवला.

त्यानंतर दर मे महिन्यात, शालिकच्या दिवशी, मी कन्हानला जातो. नदीच्या काठावर त्याच्या बापाने वाडीच्या कडेला एक दगड उभा केला आहे. वाडी आता त्याचा भाऊ पाहतो, दरवर्षी एक टरबूज माझ्यासाठी राखून ठेवतो. मी टिचकी मारून निवडायचा प्रयत्न करतो आणि दरवेळी कच्चं निघतं. भाऊ हसतो. शालिक असता तर काय म्हणाला असता ते आम्हा दोघांना ठाऊक आहे.

निघताना सुमन माझ्या हातावर दोन कांदे ठेवायची. एक तुमचा, एक भाऊजीचा. रिटायर होऊन नागपुरातल्या नंदनवन भागात घर बांधलं तरी तिने हे सोडलं नाही. मी दोन्ही घ्यायचो. काय म्हणणार होतो? त्याचा कांदा दगडापाशी रेतीत ठेवायचो आणि परत यायचो. कबूल केलं होतं ते शेवटपर्यंत पाळलं. तिला कधीच कळलं नाही.

सुमन मागच्या पावसाळ्यात गेली. म्हणून आज हे लिहू शकलो.

या मेमध्ये दारातून निघालो, सवयीने हात पुढे केला. मग स्वयंपाकघरात जाऊन टोपलीतून दोन कांदे मीच काढले.