बाबांनी फाडलेला झगा

आमचे हे धंद्याने शिंपी आणि स्वभावाने इस्त्री. कुठे लोंबता दोरा दिसला की यांचा जीव खालीवर होतो. लग्नाच्या फोटोत हे माझ्याकडे बघतच नाहीत, माझ्या बाहीच्या शिलाईकडे बघतायत.

लेक मात्र जपानी कार्टूनची वेडी. दिवसभर तिच्या मोबाईलमध्ये बशीएवढ्या डोळ्यांची माणसं तलवारी घेऊन ओरडत असतात. "घोडी झालीस, कार्टून कसली बघतेस!" हे म्हणायचे आणि ती दार आपटायची. बापलेकीत बोलणं म्हणून एवढंच उरलं होतं. मला फार वाईट वाटायचं.

म्हणून तिने वेशभूषा स्पर्धेसाठी यांच्यापुढे चित्र ठेवून "बाबा, असा झगा शिवाल का?" विचारलं, तेव्हा मी गॅस बंद करून कान दिला. चित्रात एक भटका तलवारबाज होता. झगा खांद्यावर फाटलेला, खाली नुसत्या चिंध्या. हे "बघतो" म्हणाले. झगा जमला तर घरात दोन शब्द ऐकू येतील, मला वाटलं.

स्पर्धेच्या सकाळी झगा बाहेर आला. दोन्ही खांदे सारखे, कड सरळ, आत अस्तर, वर दोन खिसे.

"चित्रवाल्याला मापं येत नव्हती," हे म्हणाले. "मी सुधारून घेतलं."

"बाबा, हा लढायला चाललाय की बँकेत मुलाखतीला?" लेक म्हणाली आणि ढसाढसा रडायला लागली. "मी नाही जात!"

यांचा चेहरा पडला. मग हळूच विचारलं, "पण तो फाटला कसा?"

"लढाईत!"

"वार वरून झाला की बाजूने? कापड उगाच फाटत नाही."

तिने डोळे पुसले, यांची लाकडी पट्टी उचलली आणि यांच्यावरच तिरका वार करून दाखवला. यांनी कात्री घेतली. "तू जरा आत जा," मला म्हणाले. जसं काही ऑपरेशनच होतं!

आतून मला टराटरा आवाज ऐकू आला, आणि मग दोघांचं हसणं.

स्पर्धेत बक्षीस दुसऱ्याच कुणाला मिळालं. पण जांभळ्या केसांची एक मुलगी धावत आली. "काय भारी फाडलंय गं! कुणी?"

"माझ्या बाबांनी," लेक म्हणाली. हे असे फुगले की शर्टाचं बटण तुटेल म्हणून मलाच काळजी.

परतताना झग्याचा एक दोरा लोंबत होता. यांचा हात पुढे गेला, थांबला आणि गुपचूप स्वतःच्या खिशात गेला.