पाच रिकाम्या ओळी

जपानहून आलेल्या ओकुदासाहेबांनी पितळी पाटीवर बोट ठेवलं आणि ते वरून खाली मोजत निघाले. अठराव्या जोडीपाशी बोट थांबलं. पुन्हा वर गेलं, पुन्हा तिथंच येऊन थांबलं. मी काउंटरमागून वाकून बघितलं. स्पेलिंग चुकलं असणार, दुसरं काय.

मी एन्ग्रेव्हर, म्हणजे धातूवर अक्षरं कोरणारा. मूळचा राजापूरचा, कतारमधल्या मुऐदरच्या या दुकानात सतरा वर्षं झाली. व्हिलांच्या नेमप्लेटी, कंपन्यांच्या शील्ड, हिवाळ्यात आमच्या कोकणी पोरांच्या क्रिकेटचे कप. हल्ली कोरतो लेसर. आपण नुसती अक्षरांची मांडणी करून द्यायची. तिला लेआउट म्हणतात आणि सगळी अक्कल तिथंच लागते. जागा असते तेवढीच असते, मजकूर नेहमी जास्त येतो.

हे काम जपानी कुस्तीवाल्यांचं होतं. त्याच संध्याकाळी दोह्यात त्यांचा शो होता. जोडीची कुस्ती. दोघांविरुद्ध दोघं, एक रिंगणात लढतो, दुसरा दोराबाहेर उभा. आतल्याने बाहेरच्याच्या तळव्यावर तळवा मारला की बदली. जिंकणाऱ्या जोडीला पट्टे दोन मिळतात, पण इतिहासात नंबर दोघांचा मिळून एकच. पहिल्या जोडीपासून आजपर्यंतची सगळी यादी पाटीवर हवी होती. फ्रेम जपानहून तयार आलेली, म्हणून पाटीचा साइज ठरलेला.

यादी पाच ओळींनी जास्त भरत होती. आणि नेमक्या पाच ओळींत नावंच नव्हती. नुसतं ‘व्हेकंट’, म्हणजे रिक्त, आणि पुढे तारीख. आमच्या क्रिकेटच्या कपावर ज्या वर्षी टूर्नामेंट झाली नाही ते वर्ष आम्ही सरळ गाळतो; आजवर कुणी चकार शब्द काढला नाही. मी पाचही ओळी उडवल्या. लेआउट असा देखणा बसला, की मॅनेजर थॉमससाहेबांना मुद्दाम बोलावून दाखवला.

आता ओकुदासाहेब तुटक इंग्रजीत म्हणाले, “नंबर बरोबर. नावं बरोबर. रिकाम्या ओळी कुठे?”

“त्यात काही नव्हतंच, सर.”

“त्यात मी आहे.”

मग त्यांनी सांगितलं. अठरावी जोडी त्यांची आणि निशिओ नावाच्या त्यांच्या साथीदाराची. एका लढतीत निशिओंची मान मोडली. कुस्ती कंपनीच्या ऑफिसने ओकुदांना सांगितलं, नवा साथीदार घे, पट्टे तुझ्याकडेच राहू देत. यांनी हॉस्पिटलमधून दोन्ही पट्टे नेले आणि ऑफिसच्या टेबलावर ठेवले. पुढे कित्येक महिने विजेतं कुणीच नव्हतं. नंतर दुसऱ्याच दोन जोड्या लढल्या आणि त्यातून एकोणिसावी ठरली.

“तुझ्या पाटीवर आमच्याखाली लगेच एकोणीस,” ते म्हणाले. “वाचणारा म्हणेल, यांनी आम्हाला हरवलं. आम्हाला कुणी हरवलं नाही. आम्ही पट्टे परत दिले.”

आवाज जराही चढला नव्हता. थॉमससाहेब माझ्या कानाशी हिंदीत पुटपुटले, “अरे, ही कुस्ती ठरवून असते. हारजीतचं काय एवढं?”

“मान कुणी ठरवून मोडत नाही, साहेब.”

मी ओकुदासाहेबांना विचारलं, निशिओ आता कुठे असतात? त्यांनी काचेबाहेर बोट दाखवलं. “गाडीत. तुमच्या पायऱ्या त्याला जमत नाहीत. ती ओळ बघायला आलाय.”

सतरा वर्षं मी जिंकलेल्यांची नावं कोरत आलो. हातात आलेलं कुणी साथीदारासाठी सोडून देतं आणि त्याचीही नोंद ठेवली जाते, हे मला ठाऊकच नव्हतं. आणि ती नोंद मी जागा वाचवायला पुसली होती. स्वतःचीच लाज वाटली.

शुक्रवार. पितळवाला बंद, त्या मापाचा दुसरा पत्रा दुकानात नाही. मी पाटी उलटी केली. मागची बाजू कोरी होती. ही बिघडली तर खलास, पाटीला तिसरी बाजू नसते. सगळ्या ओळी थोड्या बारीक केल्या, पाच ओळी परत घातल्या, तुकड्यावर ट्रायल घेतली, बिस्मिल्ला म्हणून बटण दाबलं. थॉमससाहेब दर दहा मिनिटांनी ‘यल्ला, इक्बाल’, म्हणजे चल, आटप, करत होते. ओकुदासाहेब स्टुलावर ताठ बसून होते. जुम्म्याच्या नमाजेआधी काम झालं.

पाटी मीच बाहेर नेली. पुढच्या सीटवर निशिओ, मानेला आधाराची कॉलर. त्यांना मान वळवता येत नव्हती, म्हणून मी पाटी अगदी समोर धरली. त्यांनी स्वतःच्या नावाकडे नीट बघितलंही नाही. बोट सरळ अठराच्या खालच्या ओळीवर गेलं आणि बराच वेळ तिथंच राहिलं. मग त्यांनी तळवा उघडून खिडकीबाहेर धरला. ओकुदासाहेबांनी त्यावर आपला तळवा हलकेच मारला.

मी पाटी धरून उन्हात उभा होतो. डोळे पुसायला हात मोकळा नव्हता.

या हिवाळ्यात क्रिकेटवाले कप घेऊन आले तेव्हा मी आधी विचारलं, ज्या वर्षी खेळला नाहीत त्या वर्षी काय झालं होतं? पोरं एकमेकांकडे बघायला लागली. मग एकजण हळूच म्हणाला, त्या वर्षी आमचा कीपर गेला, चाचा. ते वर्ष मी कोरलं आणि पुढची जागा रिकामी ठेवली. लेआउट थोडा दाटीचा झाला. होऊ दे.