सात्यांचा पहिला घास

जेवायला बोलावून माणसाला उपाशी ठेवण्यात माझ्या सोनाळ्याच्या मामांचा हात धरणारा अख्ख्या बुलडाणा जिल्ह्यात कोणी नसेल. हे मी रागानं लिहितो आहे आणि राग आवरायचा माझा मुळीच विचार नाही. आषाढात सातपुड्याच्या पायथ्याला पाऊस उघडून उकडायला लागलं, की रानातल्या वारुळांवर पांढरी अळंबी वर येते. आमच्याकडे तिला सात्या म्हणतात. त्या दिसल्या, की मामांचा फोन येतो आणि मीही मूर्खासारखा बुलडाण्याहून निघतो, खामगावला गाडी बदलतो आणि चिखल तुडवत त्यांच्या मागं रानात जातो. तिथं ते मला सात्यांना हात लावू देत नाहीत. मी फक्त पिशवी धरायची. प्रत्येक सात्या ते उपटून हुंगतात, उलटी करतात, उन्हाकडे धरतात आणि मनासारखी नसली तर माझ्याकडे असं बघतात, जणू ती मीच पेरली आहे. आमच्या घरी एकदा बायकोनं प्लास्टिकच्या डब्यातले बाजारी मशरूम केले होते. मामांनी एक तुकडा बोटानं दाबला. म्हणाले, "यानं माती त पाह्यलीच नाही. चव कुठून येईन याले?" आणि भर पंगतीत लोणच्याशी भाकर खाऊन उठले.

पण खरा छळ सात्या शिजल्यावर सुरू होतो. रानातली वस्तू, चुकून विषारी निघाली तर काय, म्हणून पहिल्यांदा मामा एकटे खातात. "मले काही झालं त तुमी त वाचसान," हे दरवर्षीचं ठरलेलं वाक्य. ही विषाची परीक्षा घ्यायला त्यांना दोन भाकरी आणि दोन वाट्या रस्सा लागतो, हे मी मुद्दाम सांगतो. मग ते तासभर बाहेरच्या ओट्यावर बसून स्वतःची नाडी धरतात, जिभेचा रंग आरशात पाहतात. रस्त्यानं जाणाऱ्यानं विचारलं, तर "अजून त आहो" म्हणून कळवतात. आत आम्ही रश्श्याच्या वासानं अर्धमेले. एकदा मी म्हटलं, काही विषं दुसऱ्या दिवशी चढतात, तासाभरात काय कळणार? मामांनी विचार केला आणि मामींना भाजी झाकून ठेवायला सांगितली. त्या दिवशी मी चटणी-भाकर खाऊन झोपलो.

गेल्या वर्षी मात्र माझा तोल गेला. मामा ओट्यावर नाडी धरून बसले होते. मी बाहेर येऊन विचारलं, "या घरात मरायला तुम्ही एकटेच मोकळे आहात का?" मामी पदराला हात पुसत दारात आल्या. त्या सहसा मध्ये पडत नाहीत.

"मराचंच असन त पयले मी मरन," त्या म्हणाल्या. "मीठ पाह्यल्याबिगर कधी वाढलं का मी तुमाले?"

मामांनी मनगटावरचा हात काढला. लग्नाला इतकी वर्षं झाली, दर पावसाळ्यात सात्या आल्या, आणि हे गणित या माणसाच्या डोक्यात एकदाही आलं नव्हतं.

"काऊन नाही सांगतलं?"

"सांगतलं असतं त तुमी आनल्याच नसत्या. आन मले लय आवडतात."

त्या पावसाळ्यात मामांनी पुन्हा सात्या आणल्या नाहीत. मला वाटलं, संपलं सगळं. आणि खरं सांगतो, मला ते फार लागलं.

यंदा पुन्हा फोन आला. गेलो, तर मामा स्वयंपाकघरात चुलीपुढे उभे, हातात पळी. मामींना भांड्याजवळ फिरकू देत नव्हते. मीठ आता तेच पाहतात. वयानं जिभेला काही कळत नाही, त्यामुळे तीनदा चाखलं आणि तीनदा घातलं. नंतरचा तास होताच. पण या वेळी आरसा नाही, ओटाही नाही. तो तास त्यांनी चुलीपुढेच काढला, मग मामींच्या ताटात पहिला घास वाढून ते समोर बसले आणि त्यांच्या तोंडाकडं बघत राहिले. मीही घास घेतला. भाजी इतकी खारट होती, की माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मी तोंड उघडणार, तेवढ्यात मामींनी माझ्याकडे एकदाच पाहिलं आणि वाटी पुढं केली.

"अजून वाढा," त्या मामांना म्हणाल्या.